केबलवर अंधार, फाट्यावर मॅच

दादा, काल तुझा तेरावा झाला. मांडव सुटला, आचारी आपली भांडी घेऊन गेला, आणि मी आज सकाळच्या गाडीनं ताडकळसहून देवगाव फाट्याला परत आले. हॉटेल उघडलंय. तुझे दाजी भट्टीपाशी आहेत. मी मागच्या खुर्चीत बसलेय आणि खरं सांगते, उठायचं त्राण नाही. रडायचं पण नाही. तेरा दिवस नुसतं "बसा, चहा घ्या, कसं झालं हो एकाएकी" ह्यातच गेले. प्रत्येकाला मी तेच तेच सांगितलं. एक गोष्ट मात्र कुणालाच सांगितली नाही. ती तुला सांगायची होती, आणि तू आधीच निघून गेलास.

पण आधी भांडण. ते राहिलंय.

तू मला दवाखान्यातून घालवून दिलंस. आठ दिवस मी परभणीला तुझ्या खाटेशेजारी चटई टाकून होते. रात्रीतून चार वेळा उठून तुझी नळी बघायची, सिस्टरला हाका मारायच्या, तुला कुशीवर वळवायचं. नवव्या दिवशी सकाळी तुझा रवी पुण्याहून आला. त्यानं बॅग खाली ठेवली न ठेवली, तू मला म्हणालास, "कुशे, तू घरी जा. आज दुपारी मॅच हाय. इथं केबल हाय, इथं दाखवत न्हाईत. तू फाट्यावरून सांग."

मला वाटलं चेष्टा करतोस. म्हणलं, "सख्खी बहीण उशाशी बसलीय, तिला उठवून हॉकीसाठी पाठवतोस का?"

"हं," म्हणालास. डोळे मिटूनच.

"रवीच्या मोबाईलवर बघ की मग."

"तेवढ्याशा काचेत चेंडू दिसत न्हाई. जा तू. गाडी चुकंल."

मी रागानं पिशवी भरली. रागात तुझा टॉवेलसुद्धा माझ्याच पिशवीत आला. जाताना तुझ्याकडं नीट बघितलंपण नाही. सेलू येईपर्यंत मी मनातल्या मनात तुझ्याशी भांडत होते. बहिणीपेक्षा ह्याला चेंडू जवळचा, आयुष्यभर असाच, म्हणून. हा राग माझा कालपर्यंत गेलेला नव्हता, दादा. तुला अग्नी दिला तेव्हासुद्धा तो होता. आता लाज वाटते म्हणायला, पण होता.

तेराव्याला आलेल्या पाहुण्यांना हे केबलचं प्रकरण किती वेळा समजावलं. कुणाच्या डोक्यात शिरेल तर शपथ. मामी म्हणाल्या, "एकच चॅनल, मग तुज्याकडं दिसतंय अन् त्याच्याकडं कामून दिसत न्हाई?" मी तरी काय सांगणार? जे तू मला शंभरदा सांगितलंस तेच सांगितलं. मॅच विकत घेतो एक खाजगी चॅनलवाला. कायदा म्हणतो, देशाची मोठी मॅच असली तर ती सरकारी चॅनललाही द्यायची, गोरगरिबानं बघावी म्हणून. पण सरकारी चॅनलनं ती दाखवायची फक्त आपल्या फुकटच्या छत्रीवर, म्हणजे छपरावरच्या डिशवर. तेच चॅनल केबलवर येत असेल तर तिथं मॅचपुरतं झाकायचं. आमच्या हॉटेलवर ती फुकटची छत्री, म्हणून फाट्यावर मॅच. तुझ्या ताडकळसच्या घरी केबल, म्हणून काळा पडदा आणि त्यावर एक पाटी, हा कार्यक्रम येथे उपलब्ध नाही. आणि ते खाजगी चॅनल तुझा केबलवाला घेत नव्हता, कारण अख्ख्या गावात ते मागणारा तू एकटा.

"पैसे भरणाऱ्याला अंधार अन् फुकट्याला उजेड," असं तू म्हणायचास. फुकट्या म्हणजे आम्ही. मला हसू यायचं, दाजींना राग यायचा.

केबलवाल्याचं डोकं तर तू लय खाल्लंस. तुला पक्कं वाटायचं की तोच बटण दाबून बंद करतो, त्याच्या बायकोला मालिका बघायची असते म्हणून. एकदा तो बिचारा घरी येऊन तुला कागद दाखवून गेला, वरून आलेला. तू तो कागद चष्मा लावून दोनदा वाचलास आणि म्हणालास, "ह्यात हॉकी हा शब्द कुठं हाय, दाखव." तो हात जोडून गेला. गेल्यावर मात्र तूच म्हणालास, त्याची काही चूक नाही, पण कुणावर तरी ओरडायला लागतंच माणसाला.

हे फोनवर मॅच सांगायचं कसं सुरू झालं, आठवतं? वहिनी जाऊन वर्ष व्हायचं होतं. तुझ्याकडं फायनलला अंधार झाला, तसा तू अंगात शर्ट घातलास आणि निघालास. ताडकळसहून परभणी, परभणीहून सेलू, सेलूहून फाटा. तीन गाड्या बदलून तू हॉटेलच्या दारात उभा राहिलास तेव्हा टीव्हीवर दोन्हीकडचे खेळाडू हातात हात मिळवायले होते. मी तुझं तोंड बघितलं आणि झारा खाली ठेवला. पूर्णेला रेल्वेत होतास, रेल्वेच्या मैदानावर डाव्या बाजूनं खेळायचास, गुडघा फुटेपर्यंत खेळलास, तो माणूस बस धरून धरून आला आणि मॅच संपली. शिव्या देशील वाटलं. तू बाकावर बसलास, पाणी प्यालास आणि म्हणालास, "सांग."

"काय सांग? मी भजी तळायले होते, मला काय कळतं त्यातलं?"

"डोळे हायत ना? जे दिसलं ते सांग. पहिल्यापासून."

मग तूच टेबलावर चहाचे ग्लास मांडलेस. अकरा इकडं, अकरा तिकडं. बशी म्हणजे गोल. गिऱ्हाईक चहा मागायलंय आणि सगळे ग्लास मैदानात. दाजी भट्टीवरून ओरडायले की हे काय चालवलंय, आणि तू एकेक ग्लास सरकवून मला विचारायलास, "हितून गेला का हितून?" मला आठवेल तसं मी ग्लास सरकवत गेले. त्या दिवशी मला कळलं की हॉकीत डावी-उजवी बाजू असते, आणि मधल्यानं मागंही यायचं असतं. शेवटच्या गाडीला बसताना तू म्हणालास, "पुढच्या वेळेला मी येत न्हाई. तू फोन लावून ठिव."

तेव्हापासून तेच. मॅच असली की तुझ्याकडं अंधार पडायचा, आणि तुझा फोन यायचा, "लागली का गं?" मी फोन खांद्यात आणि कानात दाबून टीव्हीसमोर. नावं मला कधी धरता आली नाहीत. समालोचन करणारा इतक्या घाईनं बोलतो, जसं काही त्याची गाडी सुटायलीय. म्हणून मी माझी नावं ठेवली. लांब पायाचा. दाढीवाला. नवरदेव, कारण तो केस एकदम नीट विंचरून यायचा. तू पण तीच नावं घ्यायला लागलास. "नवरदेव कुठं हाय?" "बसवलाय बाहेर." "हां, मग कसं व्हायचं." गिऱ्हाईक हसायचं. कुणी म्हणायचं, "मावशी, तीन कट चहा." मी म्हणायची, "गप रे, कॉर्नर मिळालाय." आणि तिकडून तू ओरडायचास, "पेनल्टी कॉर्नर म्हण! नुसता कॉर्नर येगळा असतो, किती येळा सांगू?"

चूक म्हणून तुला खपायची नाही. एकदा मी कढईकडं वळले आणि तेवढ्यात गोल झाला. तुला कसं सांगू, भज्यांच्या नादात बघितलाच नाही म्हणून? मी ठोकून दिलं, की दाढीवाल्यानं काठी उलटी फिरवून मागच्या बाजूनं मारला. तू सगळं ऐकून घेतलंस. मग म्हणालास, "कुशे, हॉकीत काठीची मागची बाजू लावता येत न्हाई. फाऊल असतो. तू काय तळायलीस, भजी का वडे?" मी मेले लाजून. पुढं आठ दिवस जो भेटेल त्याला तू ते सांगितलंस.

पण खरं सांगू का, दादा, मला ते आवडायचं. मॅच नसली की तुझा फोन म्हणजे चार वाक्यं. "बरी हायस का? दाजी बरे हायत का? पाऊस हाय का? ठिवतो." वहिनी असताना ती बोलायची, तू नुसता मागून खोकायचास. ती गेल्यावर तुझ्याशी काय बोलावं हेच मला कळायचं नाही. मॅचमुळं कळलं. मध्ये खेळ थांबायचा तेव्हा तू विचारायचास, साखर तपासली का, गुडघ्याला तेल लावतेस का, हॉटेलात दिवसभर उभी राहू नको. मॅच संपली, हरली-जिंकली, तरी तू फोन ठेवायचा नाहीस. "अजून काय?" म्हणायचास. मी काहीबाही सांगत राहायची. साठी ओलांडल्यावर मला माझा भाऊ मिळाला, तो असा. ह्या बाबतीत मी त्या काळ्या पडद्याची लय आभारी आहे. तुला हे कधी बोलले नाही. बोलायला पाहिजे होतं.

उलट मी भांडायची. "एक छत्री आणून लाव ना घरावर. रवी पाठवतो म्हणायलाय. बेजार केलंस मला." तू म्हणायचास, "मी महिन्याच्या महिन्याला पैसे भरतो. समोरच्या दारानं दाखवा. मी काय चोर हाय का, दुसऱ्या दारानं शिरायला?" ह्यावर आपलं दर मॅचला वाजायचं. एकदा मी फोन आपटला होता, दुसऱ्या डावाच्या आधी. दहा मिनिटांनी मीच लावला. तू म्हणालास, "किती झाले?" जसं काही झालंच नाही. छत्रीचं ते भांडण तसंच राहिलं. कोण बरोबर, आता कोण ठरवणार.

आता ती गोष्ट, जी कुणाला सांगितली नाही.

त्या दिवशी मी रागारागात फाट्यावर उतरले. दाजींनी विचारलं, "तू कशी काय आलीस?" मी म्हणलं, "तुमच्या मेव्हण्याला विचारा." हातपाय धुतले, दोन घास खाल्ले, खुर्ची टीव्हीसमोर ओढली आणि तुला फोन लावला. तुझा आवाज खोल गेलेला. "सांग," म्हणालास. मी सांगायला लागले. मन नव्हतंच. आठ दिवसांचं जागरण डोळ्यांत होतं, अक्षरं पण दोन-दोन दिसायली होती. लांब पायाचा असा गेला, पलीकडच्यांनी घेतला, परत आला. मला स्वतःलाच माझा आवाज लांबून ऐकू यायला लागला. मी खुर्चीला डोकं टेकवलं, नुसतं टेकवलं.

जागी झाले तेव्हा टीव्हीवर शेतीचा कार्यक्रम चालला होता. कुणीतरी हळदीबद्दल बोलत होतं. फोन मांडीवर, चालूच. हॉटेलात दोन प्रवासी होते, त्यांना खुणेनं विचारलं, मॅचचं काय झालं? ते आत्ताच येऊन बसले होते. मी फोन कानाला लावला. "दादा?"

"हं, सांग."

लगेच बोललास. मला वाटलं डोळा लागला असेल पाच-दहा मिनिटं, तू वाट बघत असशील, ही गप्प का म्हणून. आणि मी तुला कसं सांगणार होते? तू मला उशाशी बसू दिलं नाहीस ते ह्याच्यासाठी, आणि ते एवढंसं काम पण मी केलं नाही. मी म्हणलं, "जिंकलो दादा! एकदम शेवटी. पेनल्टी कॉर्नर मिळाला. नवरदेवानं मारला, डाव्या कोपऱ्यात." आवाजात आनंद आणायला मला जोर लावावा लागला. तू चूक काढशील म्हणून मी वाट बघितली. तू म्हणालास, "डाव्या कोपऱ्यात का? बरं झालं. छान सांगितलंस. जेवण करून पड आता."

छान सांगितलंस. इतक्या वर्षांत तू मला हे कधी म्हणाला नव्हतास.

संध्याकाळी बातम्यांत कळलं, आपण हरलो होतो. नवरदेव तर खेळलाच नव्हता. मी बसूनच राहिले. तुला फोन लावायला हात होईना. ठरवलं, उद्या पहिल्या गाडीनं जायचं आणि तोंडावर सांगायचं, की दादा, मी झोपले, मी खोटं बोलले, घाल शिव्या. सकाळी फाट्यावर गाडीची वाट बघत उभी होते तेव्हा रवीचा फोन आला.

तेरा दिवस मी हे घेऊन फिरले. पिंडाला कावळा शिवेना तेव्हा सगळे म्हणायले, जीव कशात अडकलाय, रवीच्या पोरांत, घरात. मला वाटलं माझ्या खोट्यात. मी मनात म्हणलं, हरलो रे दादा, हरलो, मी झोपले होते. शिवला कावळा. त्याला भूक लागली असेल, मला काही कळत नाही त्यातलं.

आणि काल तेराव्याला पंगत उठत आली होती तेव्हा झरीचे माणिकराव आले. तुझ्या शेजारच्या खाटेवरचे, पाय प्लास्टरात होता ते. आता काठीवर चालतात. एवढ्या लांब, दवाखान्यापुरती ओळख, आणि माणूस तेराव्याला आला. जेवले, हात धुतले आणि माझ्यापाशी येऊन बसले. म्हणाले, "कुशाबाई, तुमीच न्हाई का मॅच सांगणाऱ्या?"

मला वाटलं झालं, आता हा विचारणार. मी म्हणलं, "हो. त्यांना तिथं दिसत नव्हती म्हणून सांगायची."

"दिसत न्हवती?" माणिकराव माझ्याकडं बघतच राहिले. "ओ बाई, दिसत न्हवती कशी? दवाखान्याच्या माडीवर फुकटची छत्री हाय की. भिंतीवरच्या टीव्हीवर आमी दोघांनी सगळी मॅच बघितली. तुमचा रवी भाईर आफिसच्या फोनवर बोलायला होता. मीच सिस्टरला सांगून लावली. हरली ना ती, दोन-एकनं?"

आठ दिवस मी त्या वार्डात होते. टीव्ही भिंतीवर होता, बंद असायचा. तू केबल म्हणालास, मी केबल समजले. माडीवर काय आहे, हे वर मान करून बघायचं मला कशाला सुचतंय? आपल्याकडं केबल म्हणलं की अंधार, हे तूच शिकवलेलं.

"मग मला कशाला पाठवलं?" मी त्यांनाच विचारलं. तुझ्यावर ओरडावं तसं त्यांच्यावर ओरडले.

"आता ते मला काय ठाऊक. पर सकाळी तुमी गेल्यावर मला म्हणले, हिला जा म्हणलं असतं तर गेली नसती, खाली बसल्या-बसल्या मेली असती. कामाचं सांगितलं म्हणून गेली."

मी पदर तोंडाला लावला. म्हातारा आपला बोलतच होता. त्याला सांगायचंच होतं.

"अन् तुमी काय जास्त सांगितलं न्हाई बरं का. पयल्या डावातच तुमचा आवाज बंद झाला. मी इकडून ऐकायलो, फोनमधून घोरल्यावानी यायलंय. मी म्हणलं, 'आवो, ठिवा की फोन, त्या झोपल्या.' तर तोंडावर बोट ठिवून मलाच गप केलं. टीव्हीचा आवाज बंद करायला लावला सिस्टरला. म्हणले, 'आठ दिवसांनी झोपलीय, ऐकू द्या मला.' मॅच हरली, टीव्ही बंद केला, चहा येऊन गेला, तरी फोन कानालाच व्हता त्यांच्या."